शेवटचा फर्मा

कडुलिंब फुलला की मला राग येतो. या वयात झाडावर रागावणं शोभत नाही हे कळतं, तरी येतो. लोकांना त्या फुलोऱ्याचा मंद, गोडसर वास येतो. मला त्याच्या पाठोपाठ खळीचा वास येतो. मैद्याची, मोरचूद घातलेली, पत्र्याच्या डब्यात रटरटणारी खळ. मग बोटं आपोआप पदराला घड्या घालू लागतात आणि जीव एका जागी ठरत नाही. चहाचं आधण ठेवते, उतरवते, पुन्हा ठेवते. खिडकी उघडते, लावते. समोरच्या रस्त्यानं मुलं-मुली परीक्षेला चाललेली असतात, हातात पॅड, ओठांवर पाठ केलेली उत्तरं.

"बस ना बाई एका जागी," माझा थोरला भाऊ म्हणतो. दर चैत्रात मी भातकुलीहून अकोल्याला त्याच्या घरी येते आणि दर चैत्रात तो हेच म्हणतो. एका जागी बस म्हणणारा हा माणूस एकेकाळी काय होता, हे सांगायला आता माझ्याशिवाय कोणी उरलेलं नाही.

पन्नासचं दशक संपत आलं होतं. आम्ही अकोल्यात मोर्णा नदीच्या अलीकडं, कापसाची सरकी काढायच्या जिनाजवळ दोन खोल्यांत राहायचो. बाबा जिनात कामाला. घरी येत तेव्हा भुवयांवर, मिशांवर कापूस बसलेला असे आणि ते दिवसभरात म्हातारे होऊन आल्यासारखे दिसत. तोंड धुतलं की पुन्हा तरुण. भाऊ अमरावतीला वसतिगृहात राहून बी.ए.च्या शेवटच्या वर्षाला होता. माझी शाळा सातवीनंतर थांबली होती. दोघांचं शिक्षण झेपणार नव्हतं, आणि दोघांपैकी कोणाचं थांबवायचं यावर घरात कधी चर्चा झाल्याचं मला आठवत नाही.

मी मायबरोबर कागदांना घड्या घालायला बसले. नदीपलीकडं, जुन्या शहरात इब्राहिमचाचांचं पुस्तकं बांधायचं दुकान होतं. छापखान्यातून आलेले मोठाले कागद ते आमच्याकडं पाठवत. एक कागद तीनदा दुमडला की त्याची सोळा पानं होतात, त्याला फर्मा म्हणायचं. असे फर्मे एकावर एक रचून, दाभणानं भोकं पाडून, दोऱ्यानं शिवले की झालं पुस्तक. त्यामुळं पुस्तकाविषयी लोकांना वाटतो तसा भक्तिभाव मला कधी वाटला नाही. कागद, दोरा आणि खळ, एवढंच ते असतं, अशी माझी समजूत होती.

त्याच्या दोन-तीन वर्षं आधी आम्ही दीक्षा घेतली होती. बाबांनी घरातले देव फडक्यात बांधून मोर्णेत सोडले. परत आले ते किती ताठ चालत आले, ते मी जन्मात विसरणार नाही. बुद्धाची तसबीर दारासमोरच्या भिंतीवर लागली. देवांचा कोनाडा मात्र रिकामा राहिला. संध्याकाळी दिवा लावताना मायचा हात सवयीनं तिकडं वळायचा आणि अर्ध्यावर थांबायचा. त्या कोनाड्यात भाऊ अमरावतीच्या वाचनालयातून आणलेल्या कादंबऱ्या ठेवू लागला. मायला वाचता येत नव्हतं. कोनाड्यात आहेत म्हणजे पोथ्याच असणार असं धरून ती त्यांना पाय लागू देत नसे आणि रोज पदरानं त्यांची धूळ पुसत असे.

पोथ्या कसल्या, सगळी बेचैन माणसांची पुस्तकं होती ती. त्या काळात तशी बरीच निघू लागली होती. त्यांतला नायक शहरात खोली घेऊन एकटा राहायचा. सकाळी आरशात बघायचा आणि हा कोण म्हणून तीन पानं विचार करायचा. देव बोलत नाही म्हणून चिडायचा, आणि देव नाहीच असं पटलं की आणखी चिडायचा. समाज ढोंगी, नोकरी खोटी, प्रेम त्याहून खोटं. त्याच्या खोलीत झाडू कोण मारतं, डबा कुठून येतो, हे मात्र कुठल्याच पुस्तकात लिहिलेलं नसे. मला हसू यायचं.

भाऊ हसत नव्हता. अमरावतीत भेटणारा जो तो त्याला नाव विचारायचा, मग गाव, आणि मग जरा थांबून, गोड आवाजात, "म्हणजे आधीचे कोण?" वलगावला तो सायकलनं शिकवणी घ्यायला जायचा. तिथं त्याला पाणी सगळ्यांच्याच पेल्यातून मिळे, पण तो निघाला की आत कोणीतरी तो पेला राखेनं दोन-दोनदा घासायचं. घासल्याचा आवाज त्याला सायकलीचं कुलूप काढताना ऐकू यायचा. हे त्यानं मला अगदी सपाट आवाजात सांगितलं. "धर्म बदलला बाई," तो म्हणाला, "पन माह्या आत जो बसला हाये, थो अजून जुन्याच नावानं ओ देते." ते दुखणं त्याचं स्वतःचं होतं, कुठल्या पुस्तकातून आलेलं नव्हतं. कादंबऱ्यांनी त्या दुखण्याला भाषा पुरवली. आणि लगोलग, दुखतंय तर वागायचं कसं, तेही शिकवलं.

ते माझ्याच लक्षात आलं. एका कादंबरीतल्या नायकानं दाढी करणं सोडलं होतं. दर शनिवारी भाऊ घरी यायचा, त्या शनिवारी वाढलेल्या दाढीनं पॅसेंजरमधून उतरला. दुसऱ्या पुस्तकातला जेवता जेवता ताट सरकवून उठायचा. आमच्याकडंही ताट सरकवलं गेलं आणि माय त्या अर्ध्या भाकरीकडं कितीतरी वेळ बघत बसली. तिसऱ्यातल्यानं नोकरी सोडली, तर भाऊनं वलगावची शिकवणी सोडली. मग मी शहाणी झाले. रविवारी दुपारी तो झोपला की कोनाड्यातलं पुस्तक काढायचं आणि त्याची खूण जिथं असेल तिथून पुढं वाचायचं. आभाळ भरून आलं की बाया गोवऱ्या झाकून ठेवतात, तसं मला हा पुढच्या आठवड्यात काय करणार ते आधी कळायला हवं होतं. वाचनाची गोडी म्हणतात ती मला अशी लागली. गोडी कसली, धडधड होती ती.

आजही पुस्तक उघडलं की पहिल्यांदा छातीत तेच होतं. घरात याच्यापायी आता काय होणार, असं.

परीक्षेला दहा-बारा दिवस उरले असताना त्यानं निळ्या पुठ्ठ्याची एक जुनी कादंबरी आणली. तिचं नाव सांगत नाही. तिच्या नायकाचं नाव दामोदर. भाऊची खूण, कडुलिंबाची एक काडी, नव्वदाव्या पानावर होती. मी पुढं वाचत गेले. शेवटच्या फर्म्यात दामोदर एका सकाळी उठून घराबाहेर पडतो, सबंध गाव पायी ओलांडतो आणि नदीचा घाट उतरून पाण्यात शिरतो. परत येत नाही. पुस्तक संपतं.

एप्रिलात मोर्णेला घोटाभरही पाणी नसतं, हे मला माहीत होतं. पण जिनाच्या मागं विहीर होती. अमरावतीत वसतिगृहाच्या मागंही विहीर होती. भाऊनं दाढी, ताट, शिकवणी काहीही गाळलं नव्हतं, मग हे तो कसं गाळणार होता?

त्या रविवारी मायनंच पुस्तक अडवलं. "पोथी राहू दे घरी," ती म्हणाली, "आंदी अभ्यास कर." भाऊनं कुरकुरत ते ठेवलं. "येत्या आयतवारी येऊन पुरी करतो," म्हणाला. त्या रविवारानंतरच्या बुधवारी त्याचा पहिला पेपर होता. म्हणजे माझ्या हाती एक आठवडा होता. त्या आठवड्यात मी तो शेवटचा फर्मा किती वेळा वाचला त्याला गणती नाही. भाकरी थापता थापता उठून वाचायची. पुस्तक मुळात जुनं, किती हातांतून गेलेलं. गुरुवारी तो फर्मा दोऱ्यातून सुटून अलगद माझ्या हातात आला.

पुस्तक घड्या घातलेल्या कागदांच्या गठ्ठ्यात घालून, गठ्ठा डोक्यावर घेऊन मी पूल ओलांडला. गठ्ठा असला की मला नदीपलीकडं जायची मुभा होती. डोक्यावर गठ्ठा नसताना मी कधी गेले नव्हते.

इब्राहिमचाचांना मराठी वाचता येत नसे. उर्दू यायची. पण पुस्तक त्यांना कळायचं. ते पाठीवर धरून सोडलं की कुठं आपोआप उघडतं, कुठल्या पानाचा कोपरा मऊ पडलाय, कुठं तेल लागलंय, कुठं शाई, यावरून ते वाचणाऱ्याबद्दल बोलत. निळं पुस्तक त्यांनी तळहातावर उघडू दिलं.

"ये दो जनों की किताब है, बेटी. एक शाईवाला. थो नव्वदच्या आसपास उभा हाये. दुसरा पिठाच्या हाताचा. थो आखिरपर्यंत गेला, कई दफा." मग त्यांनी माझ्या हातांकडं पाहिलं.

"माय असंल," मी म्हणाले. मायला वाचता येत नाही हे त्यांना पक्कं ठाऊक होतं.

"चाचा, हा सुटलेला फर्मा नका लावू. याच्या जागी दुसरा कोनता बी लावा."

"काहून?"

मी सांगितलं. दाढी, भाकरी, शिकवणी, विहीर, सगळं. चाचा बराच वेळ खळ ढवळत राहिले. "एकाच्या धडाले दुसऱ्याचं डोकं, हे काम मी आजपर्यंत नाही केलं," ते म्हणाले. "किताब लिखनेवाले की अमानत होती है." आणखी थोडा वेळ ढवळलं. मग मानेनंच कोपऱ्याकडं खूण केली. तिथं जादा छापलेल्या, उरल्यासुरल्या फर्म्यांचा ढीग पडला होता. "देख ले. आकार सारखा पाह्यजे, अक्षर सारखं पाह्यजे."

त्या ढिगात मी घरी परतणारा माणूस शोधत बसले. बेचैन पुस्तकांतला एकही परतत नव्हता. एक हिमालयात गेला होता, एक वेड्यांच्या इस्पितळात, एक नुसताच धुक्यात. हात काळे झाले. शेवटी एका साध्यासुध्या खेड्यातल्या कादंबरीचा शेवट हाती आला. त्यात किसन नावाचा माणूस वर्षभरानं घरी येतो. आई त्याच्या पायांवर पाणी घालते. तो भाकरी-ठेचा खातो, अंगणात खाट टाकून झोपतो. सोळा पानांत एवढंच घडतं. निळ्या पुस्तकाचं दोनशे आठावं पान जिथं तुटत होतं, तिथलं वाक्य होतं, "दामोदर दाराशी आला आणि त्यानं". किसनचा फर्मा सुरू होत होता, "पायातल्या वहाणा काढून उंबऱ्याबाहेर ठेवल्या."

मी ते दोन तुकडे जोडून चाचांना वाचून दाखवले. "पन चाचा, दामोदरचा किसन झाला ना. पानांचे आकडे बी मागं गेले."

चाचांनी दाभण उचललं. "नाव कोन पाह्यते. आदमी घर पहुँचा के नहीं, इतना देख."

रविवारी भाऊ आतल्या खोलीत वाचत होता. माय आणि मी बाहेर घड्या घालत होतो. माझी घडी एकही सरळ पडत नव्हती, मायनं दोनदा हातावर चापट मारली. टळटळीत दुपारी तो बाहेर आला. चेहरा कोणाचा तरी वेगळाच. चपला घातल्या आणि निघाला. "कुठी चालला रे उन्हात?" माय म्हणाली. तो तसाच गल्लीत वळला.

फसवणूक त्याच्या लक्षात आली असणार, असं मला वाटलं. किसनच्या दोन-चार पानांतच त्याला सगळं कळलं असणार, आणि आता हा खरा शेवट स्वतःच शोधायला निघालाय. माय चुलीकडं वळली तशी मी उठले. गल्ली, जिनाची भिंत, विहीर. विहिरीवर कोणी नव्हतं, पाण्यात नुसतं आभाळ. मग पुलापर्यंत धावत. पाय पोळत होते, चपला घरीच राहिल्या होत्या. पुलावरून खाली पाहिलं तर तो नदीच्या कोरड्या पात्रात, टरबुजांच्या वेलांमध्ये उभा होता.

मी खाली उतरले तेव्हा तो माझ्याकडं बघून हसला. कित्येक महिन्यांत हसला नव्हता.

"बाई, लय हिमतीचा लेखक हाये हा," तो म्हणाला. "शेवटच्या सोळा पानांत त्यानं मानसाचं नावच बदललं. दामोदर दाराशी येते, अन् आत जाते थो किसन. आकडे बी मागं नेले पाह्य, वय मागं गेल्यासारखे. सांगत नाही, समजावत नाही, नुसतं बदलते." तो वेलाजवळ उकिडवा बसला. "मले वाटून राहिलं होतं, आतलं मानूस बदलतच नाही. बाबानं देव सोडले तरी मी थोच राहिलो. पन हे पाह्य ना. बदलता येते. घरी जाऊन भाकर खाता येते."

मला रडायचं होतं की हसायचं होतं, अजून ठरलेलं नाही. आम्ही घरी आलो. दाराशी येताच त्यानं चपला काढल्या, नीट जोडून उंबऱ्याबाहेर ठेवल्या आणि मायला म्हणाला, "पायावर पानी घाल वं." मायनं पाणी घातलं. तो भाकरी-ठेचा जेवला आणि भर दुपारी खाट टाकून झोपला. "काय झालं याले?" मायनं मला विचारलं. मी पुन्हा घड्या घालायला बसले.

तो परीक्षेला बसला, तिसऱ्या वर्गात पास झाला, मास्तर झाला. त्या नाव बदलण्याच्या युक्तीवर त्यानं वसतिगृहात मित्रांना भाषणं दिली. पुढं शाळेच्या वार्षिक अंकात लेख लिहिला. शिकलेली, चष्मा लावणारी माणसं माना डोलावून म्हणत, खरंय, फार सूचक आहे. दाभण आणि दोऱ्याचं काम होतं ते, आणि या लोकांना त्यात केवढं काय काय दिसत होतं. मी पदराआड हसायची आणि लगेच ते हसू मावळायचं. निळं पुस्तक अमरावतीच्या वाचनालयात परत गेलं होतं. तिथं आणखी किती जणांनी किसनचा शेवट वाचला असेल? त्यांच्यातल्या कोणाला दामोदरचाच हवा असेल तर? मी कोण त्यांच्या वाटेत उभी राहणारी?

आणि तो सुटलेला फर्मा. तो मी जाळला नाही, नदीत सोडला नाही. लुगड्याखाली पेटीत ठेवला. लग्न होऊन भातकुलीला गेले तेव्हा पेटीबरोबर तोही आला. भाऊच्या जिवाच्या भीतीनं काढलेली पानं मी का जपली, हे मला बरीच वर्षं स्वतःला सांगवत नव्हतं. आता सांगते. मला ती आवडायची. मरण नव्हे, मरणाचं मला कधीच आकर्षण नव्हतं. त्या फर्म्यात दहा पानं दामोदर नुसता चालतो. कडी काढतो, बाहेर पडतो, पेठ ओलांडतो, पिंपळाखालून जातो, आणि त्या दहा पानांत एकही माणूस त्याला विचारत नाही, कुठं चाललास? माझ्या आयुष्यात अशी दहा पावलंसुद्धा नव्हती. त्या घरात बेचैनी भाऊच्या नावावर होती. माझीही तेवढीच होती, तिला फक्त जागा नव्हती, कोनाडासुद्धा नाही.

यंदा येताना मी ती पानं पिशवीत घालून आणली. आता भाऊ एकटाच असतो, वहिनी गेल्यापासून. परवा शेजारच्या, कॉलेजात जाणाऱ्या मुलीला तो पुन्हा तेच समजावत होता, नाव कसं बदललं, आकडे कसे मागं गेले. मला ऐकवेना. मुलगी गेल्यावर पानं त्याच्या हातात दिली आणि सगळं सांगितलं. तो रागावेल, माझं आयुष्यभराचं सांगणं फुकट घालवलंस म्हणेल, अशी माझी तयारी होती. त्यानं चष्मा पुसला आणि ओसरीवर वाचायला बसला. मी आत आधण ठेवलं, उतरवलं, पुन्हा ठेवलं.

बऱ्याच वेळानं त्यानं हाक मारली. पानं त्याच्या मांडीवर होती. तो एकेक पान उन्हाकडं धरून बघत होता, इब्राहिमचाचा बघत तसा.

"हे चालायचे पानं लय मळले हायेत," तो म्हणाला. "पिठाचे बोटं, हळदीचे बोटं. अन् घाटाचं शेवटचं पान पाह्य, कोरं हाये." त्यानं ते पान खाली ठेवलं. "मी बेचैन, मी बेचैन म्हनून गावभर सांगत फिरलो. अन् तू कवा निघालीच नाही."

"निघाली होती ना," मी म्हणाले. "एक डाव. तुह्या मांगं."

त्याला ती दुपार आठवली असावी. पुलावरून अनवाणी उतरलेली, डोक्यावर गठ्ठा नसलेली बहीण. तो उठला. गुडघे धरून वाकला, उंबऱ्याबाहेरच्या माझ्या चपला उचलल्या आणि माझ्या पायांपुढं सरळ करून ठेवल्या.

"जाऊन ये," तो म्हणाला. "कुठी चालली थे मी नाही इचारत."

मी पदर डोक्यावर घेतला. ऊन तापलं होतं, रस्त्यावर कडुलिंबाची फुलं पडली होती. फाटकाशी येऊन मी एकदा मागं वळून पाहिलं. तो पुन्हा पानं घेऊन बसला होता. रस्त्याच्या वळणावरून पुन्हा पाहिलं, तरी त्यानं मान वर केली नव्हती.